मूकपटांच्या काळातली संपादक : मार्गारेट बूथचं काम कलेचं की कारकुनीचं?

कातरवेळ

जून १९१५. लॉस एंजेलिसमध्ये रात्रीच्या अंधारात एक भरधाव मोटार रेल्वेगाडीवर आदळली. मोटार चालवत होता टॉड ब्राउनिंग, ज्यानं पुढे १९३१ साली 'ड्रॅक्युला' केला तोच. तो वाचला, पण सोबतचा एल्मर बूथ हा तरुण नट गेला. एल्मर त्या काळचा बडा दिग्दर्शक डी. डब्ल्यू. ग्रिफिथच्या कंपनीतला. १९१२ च्या 'द मस्केटियर्स ऑफ पिग अ‍ॅली'मधला तो गल्लीतला दादा ज्यांनी पाहिलाय त्यांना चेहरा आठवेल. त्याच्या अंत्यविधीला ग्रिफिथ स्वतः बोलला आणि एल्मरच्या धाकट्या बहिणीला त्यानं आपल्याकडे नोकरी दिली. ती सतरा वर्षांची, नुकतीच शाळा संपवलेली. काम काय, तर फिल्मचे तुकडे एकमेकांना जोडणं.

ती मुलगी म्हणजे मार्गारेट बूथ. तिथून ती पॅरामाउंटच्या लॅबमध्ये गेली, मग लुई बी. मेयरच्या छोट्या कंपनीत. तिथे जॉन स्टाल नावाचा दिग्दर्शक होता. तो एकच प्रसंग पुन्हा पुन्हा, भरमसाट चित्रित करायचा आणि संपादनाला स्वतः बसायचा. मार्गारेट शेजारी उभी राहून बघायची. सगळे घरी गेले की टाकून दिलेले टेक घेऊन ती एकटीच बसायची आणि आपल्या मनानं तो प्रसंग जुळवायची. एकदा स्टालला एक प्रसंग काही केल्या जमेना. त्यानं तिचा जुळवलेला तुकडा पाहिला आणि तो तसाच्या तसा उचलला. तिथून ती खऱ्या अर्थानं संपादक झाली. १९२४ मध्ये मेयरची कंपनी विलीन होऊन एमजीएम उभी राहिली आणि ती त्या स्टुडिओबरोबरच वाढली. १९२८ चा ग्रेटा गार्बोचा 'द मिस्टीरियस लेडी' तिनं कापलेला आहे. १९३९ पासून १९६८ पर्यंत ती एमजीएमची मुख्य संपादक होती. बाहेर जाणारा चित्रपट तिच्या नजरेखालून जायचा. १९७८ मध्ये मानद ऑस्कर. २००२ मध्ये गेली तेव्हा वय १०४.

माझं मत आधीच सांगते. मूकपटांच्या काळातला संपादक हा तंत्रज्ञ आणि लेखक यांच्या मधला माणूस होता, आणि त्या काळाइतकी संपादकाची नजर नंतर कधीच घासून तयार झाली नाही. पण जुन्या सिनेमावर लिहिणारे बरेच जण हे काम 'तुकडे चिकटवणं' म्हणून एका ओळीत उरकतात. तुम्हाला काय वाटतं? इथे कुणी प्रत्यक्ष फिल्म कापलेली माणसं असतील तर त्यांनी नक्की लिहा. हे करिअर घडत कसं होतं, माणूस शिकत कसा होता, यावर मला बोलायचंय.

बदामराणी

रुमाल टाकून ठेवते. रात्री सविस्तर वाचेन.

नाना_गिरगावकर

लेख छान, पण मतभेद आहे. ग्रिफिथसारख्या माणसाचा सगळा चित्रपट त्याच्या डोक्यात असायचा. कुठे जवळून दाखवायचं, कुठे दोन घटना आलटून पालटून दाखवायच्या, हे त्यानं ठरवलेलं. स्टालबद्दल तर तुम्हीच लिहिलंय की तो स्वतः संपादनाला बसायचा. मग मुलींच्या हाती उरलं काय? सांगितलेल्या जागी कापायचं आणि चिकटवायचं. हे काम कष्टाचं होतं, जोखमीचं होतं, पण त्याला कलावंत म्हणणं मला पटत नाही. बूथबाई मोठ्या झाल्या त्या बोलपट आल्यावर, स्टुडिओच्या व्यवस्थापनात. मूकपटात नाही.

रिळवाला

नाना, मी मुंबईतल्या एका फिल्म लॅबमध्ये निगेटिव्ह कटिंगला होतो, डिजिटल येऊन सगळं बंद पडेपर्यंत. म्हणून थोडं हातचं सांगतो.

आमच्याकडे एडिटर रश प्रिंटवर कापायचा. रश म्हणजे निगेटिव्हवरून काढलेली कामचलाऊ पॉझिटिव्ह. तिच्यावर ग्रीस पेन्सिलच्या खुणा, ओरखडे, शंभर जॉइंट, सगळं चालायचं. त्याचं काम पक्कं झालं की ती रश आमच्याकडे यायची आणि आम्ही मूळ निगेटिव्ह तिच्याबरहुकूम कापायचो. निगेटिव्ह एकच. चुकीच्या फ्रेमवर कात्री लागली की ती फ्रेम कायमची गेली, कारण जॉइंट मारताना शेजारच्या फ्रेमचा काठ खरवडावा लागतो. हातात पांढरे सुती मोजे. खोलीत धूळ नको, पंखासुद्धा नको. एका टोकाचं इमल्शन, म्हणजे चित्र असलेला थर, पात्यानं खरवडायचं, ब्रशनं सिमेंट (फिल्म जोडायचा चिकट द्रव) लावायचं, दुसरं टोक वर दाबायचं, काही सेकंद थांबायचं. सिमेंट जास्त झालं की डाग, कमी झालं की प्रिंटिंगच्या मशिनमध्ये जॉइंट सुटायचा.

आता मुद्द्याचं. आम्हाला हे जमायचं ते एका गोष्टीमुळे. निगेटिव्हच्या कडेला दर फुटाला कंपनीनं छापलेला नंबर असतो. तोच नंबर रशवरही उतरतो. दोन्ही नंबर जुळवा, कापा. मार्गारेट बूथनं काम सुरू केलं तेव्हा हे नंबरच नव्हते. पॉझिटिव्हमधली फ्रेम आणि निगेटिव्हमधली फ्रेम नुसत्या डोळ्यांनी जुळवायची. एका फुटात सोळा फ्रेम. एका सेकंदातल्या सोळा-अठरा फ्रेममध्ये हाताची बोटं किती उचललीत, पापणी किती मिटलीय, यावरून ओळखायचं, आणि तेही निगेटिव्हमध्ये, जिथे चेहरा काळा आणि केस पांढरे. निगेटिव्हमध्ये नुसता चेहरा ओळखायला मला नोकरीची पहिली दोन-तीन वर्षं लागली. आमच्या काळी नंबर नसते तर आमच्यातले निम्मे पळून गेले असते.

वाटसरू

रिळवाला, अप्रतिम माहिती! एक शंका. धावणारा माणूस असेल तर फ्रेमफ्रेममध्ये फरक दिसेल. पण नायिका नुसती रडत बसली असेल तर?

रिळवाला

तिथेच तर खरी कसोटी. बूथबाईंनी म्हातारपणी याबद्दलच सांगून ठेवलंय. लिलियन गिशचे क्लोजअप संपता संपायचे नाहीत आणि एकेक फ्रेम दुसरीसारखीच दिसायची. मग निगेटिव्हवर कुठे टाचणीच्या टोकाएवढा ठिपका सापडतो का ते शोधायचं. तोच ठिपका पॉझिटिव्हमध्ये दिसला की जागा पक्की. म्हणजे फिल्मवरचा दोष हाच यांचा पत्ता!

बदामराणी

वाचून झालं. माझ्या सासूबाई पंचाहत्तरीत चष्म्याशिवाय परातभर गव्हातला खडा बरोब्बर उचलतात. एमजीएमनं त्यांना मुख्य संपादकच केलं असतं :)

वाटसरू

सासूबाईंना हा धागा वाचून दाखवा आणि प्रतिसाद टाका.

अबोली_के

मी संपादनाचं शिक्षण घेतलंय, सध्या माहितीपट कापते. नानांना उत्तर द्यायचंय.

तुम्ही म्हणता की सांगितलेल्या जागी कापायचं. पण सांगायचं कसं? तेव्हा संपादनाचं यंत्रच नव्हतं. इवान सेर्युरिएरनं मुव्हियोला बनवलं आणि ते संपादनासाठी स्टुडिओत शिरलं १९२४ मध्ये. त्याआधी टेबल, दोन बाजूंना फिल्म गुंडाळायच्या चकत्या, खालून दिवा लावलेली काच, एक भिंग आणि कात्री. हलतं चित्र बघायचं तर प्रक्षेपणाच्या खोलीत जायचं, नाहीतर फिल्म दोन बोटांत धरून डोळ्यांपुढून सरसर ओढायची. दिग्दर्शक पडद्यावर बघून म्हणणार, "इथे जरा लवकर." जरा म्हणजे किती? चार फ्रेम की नऊ? हे 'जरा' मोजणारी व्यक्ती तो प्रसंग घडवत असते. मी रोज हेच करते. दिग्दर्शकाची सूचना एका वाक्याची असते आणि माझे त्यावर चाळीस निर्णय होतात.

ग्रिफिथचंच उदाहरण घ्या. १९१६ चा त्याचा 'इन्टॉलरन्स' बॅबिलॉन, ख्रिस्ताचा काळ, सोळाव्या शतकातला फ्रान्स आणि तेव्हाची अमेरिका अशा चार कथा एकत्र विणतो, आणि शेवटाकडे त्यांच्यातली ये-जा वेगवान होत जाते. त्याच्या संपादनात जेम्स स्मिथ आणि रोज स्मिथ हे जोडपं होतं. कल्पना ग्रिफिथची, शंभर टक्के मान्य. पण त्या शेवटच्या रिळांतले तुकडे किती फुटांचे ठेवायचे हे काही एकट्या माणसानं झोपेत ठरवलेलं नाही.

आणखी एक गोष्ट फारशी कुणाला माहीत नसते. अमेरिकेत मोठ्या मूकपटांचं चित्रीकरण बहुधा दोन कॅमेरे शेजारी शेजारी ठेवून व्हायचं. एक निगेटिव्ह देशासाठी, दुसरी परदेशी पाठवायला, कारण त्या काळी निगेटिव्हची चांगली प्रत काढता यायची नाही. म्हणजे कापायचंही दोनदा. दुसऱ्या निगेटिव्हमध्ये कोन थोडा वेगळा, कधी टेकच वेगळा. तिथे पहिल्याची नक्कल करून भागत नाही, पुन्हा विचार करावा लागतो. म्हणून आज एकाच मूकपटाच्या युरोपात सापडलेल्या आणि अमेरिकेत सापडलेल्या प्रतींत अभिनयसुद्धा वेगळा दिसतो.

तात्या_टंकलेखक

रंगाचं कुणी बोललं नाही. मूकपट काळेपांढरे होते असं आपण धरून चालतो, पण रात्रीचा प्रसंग निळा, दिव्याच्या उजेडातला पिवळसर, आगीचा लाल असं रंगवून पाठवायचे. पॉझिटिव्हचे पट्टे वेगवेगळ्या रंगात बुडवायचे आणि मग जोडायचे. म्हणजे चित्रपटगृहात जाणारी प्रत्येक प्रत हातानं जोडलेली. बूथबाई पॅरामाउंटच्या लॅबमध्ये हेच करायच्या ना?

कातरवेळ

हो तात्या, रंगवलेले तुकडे जोडून प्रदर्शनाच्या प्रती तयार करण्याचंच काम होतं ते. आणि मला वाटतं शिक्षण तिथेच झालं. एकच चित्रपट पुन्हा पुन्हा हातातून जाणार, तोही कापलेल्या जागांवर थांबत थांबत. प्रेक्षकाला जोड दिसत नाही, हिला जोडच तेवढा दिसायचा. कुठला जोड खटकत नाही आणि का, हे कुणी न शिकवता हातात उतरत गेलं असणार.

गोदाकाठ

धाग्याचा विषय अमेरिकेचा आहे, पण याच सुमारास दादरला काय चाललं होतं तेही आठवूया. सरस्वतीबाई फाळके. दादासाहेब लंडनहून विल्यमसन कॅमेरा आणि छिद्रं पाडायचं यंत्र घेऊन आले. कच्ची फिल्म कडेला छिद्रं न पाडलेली यायची. ती छिद्रं अंधारात, हातानं, एकसारख्या अंतरावर पाडावी लागत. ते काम सरस्वतीबाई शिकल्या. दिवसभर मंडळींचा स्वयंपाक, चित्रीकरणाच्या वेळी ऊन परावर्तित करायला पांढरी चादर धरून उभं राहायचं आणि रात्री फिल्मला छिद्रं, धुणं, जोडणं. ३ मे १९१३ ला गिरगावच्या कॉरोनेशनमध्ये 'राजा हरिश्चंद्र' लागला, सुमारे ३७०० फुटांचा. त्यातल्या फुटाफुटावर या बाईंचा हात फिरलेला आहे. माझ्या मते त्या भारतातल्या पहिल्या चित्रपट संपादक. मार्गारेट बूथच्याही आधी!

नाना_गिरगावकर

सरस्वतीबाईंबद्दल नितांत आदर. आमच्या गिरगावात त्यांचं नाव कुणी हलक्यानं घेत नाही. पण 'पहिल्या संपादक' ही पदवी सरसकट चिकटवू नये. छिद्रं पाडणं, रसायनं करणं, फिल्म धुणं हे संपादन नव्हे. कुठला प्रसंग कुठे तोडायचा हे दादासाहेबांनीच ठरवलं असणार. बाईंचं जे खरंखुरं काम आहे ते एवढं मोठं आहे की त्याला दुसऱ्या कामाचं नाव द्यायची गरजच नाही.

गोदाकाठ

नाना, तुमचं शेवटचं वाक्य मान्य, पण 'दादासाहेबांनीच ठरवलं असणार' हा तुमचाही अंदाजच झाला. घरातल्या घरात चाललेल्या कारखान्यात कुणी काय सुचवलं याची नोंद कोण ठेवणार? नोंद नाही म्हणून सुचवलं नाही, असं होत नाही. इतकी वर्षं बायकांच्या कामाची नोंद अशीच राहून गेलेली आहे.

अबोली_के

दोघांचंही थोडं थोडं पटतं. माझ्यापुरतं सांगते. अंधारात स्पर्शानं फिल्म हाताळू शकणारी व्यक्ती त्या घरात होती म्हणून तो चित्रपट झाला. पदवी देऊ किंवा न देऊ, अभ्यासक्रमात आम्हाला त्यांच्याबद्दल एक तासही नव्हता याचं वाईट वाटतं.

मुळशीकर

थोडं अवांतर. ही जुनी नायट्रेट फिल्म भयंकर पेट घ्यायची असं ऐकलंय. खरं का?

रिळवाला

खरं आहे. नायट्रेट एकदा पेटलं की पाण्यात बुडवूनही विझत नाही, कारण जळायला लागणारा ऑक्सिजन त्याच्या आतच असतो. आमच्या वेळी सहज पेट न घेणारी सेफ्टी फिल्म होती, पण जुन्या मंडळींच्या सवयी तशाच होत्या. कटिंगच्या खोलीत कुणी विडी काढली तर आमचे उस्ताद अक्षरशः हाकलून द्यायचे. बूथबाईंच्या पिढीनं आयुष्यातली वर्षानुवर्षं या मालाच्या ढिगाऱ्यात, दिव्याशेजारी बसून काढली.

तात्या_टंकलेखक

आणि पुण्यात फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये जानेवारी २००३ मध्ये आग लागली तेव्हा नायट्रेटवरचा केवढा ठेवा गेला. तसाही आपल्याकडे उरलंय काय? तेराशेच्या वर मूकपट झाले देशात, तुकडे धरूनही तीसेकच हाती आहेत. अमेरिकेतही लायब्ररी ऑफ काँग्रेसच्या २०१३ च्या अहवालात मूळ स्वरूपात पूर्ण उरलेले मोठे मूकपट फक्त १४ टक्के निघाले. संपादकाचं काम तर चित्रपट गेला की पूर्णच जातं. नटाचं छायाचित्र राहतं, लेखकाची संहिता राहते. जोड कुठे होता हे कशात राहणार?

कातरवेळ

तात्या, हे फार खरं लिहिलंत. म्हणूनच जे उरलंय ते 'संपादन' म्हणून बघायला हवं असं मला वाटतं.

पिंगळा

एक संपादक मात्र स्वतःच्या कामासकट उरली आहे. येलिझावेता स्विलोवा. १९२९ चा झिगा व्हर्टोवचा 'मॅन विथ अ मूव्ही कॅमेरा' बघा. चित्रपट मध्येच थांबतो. धावणारा घोडा गोठतो, लहान मुलांचे चेहरे गोठतात. मग दिसतं की हे चेहरे फिल्मच्या पट्टीवर आहेत, पट्टी टेबलावर आहे आणि टेबलाशी एक बाई बसलीय. मागे फळ्यांवर चिठ्ठ्या लावलेली रिळं. ती एक पट्टी उचलते, उजेडात धरते, कापते, आणि मघाचा गोठलेला चेहरा हसायला लागतो. ती बाई म्हणजेच स्विलोवा, हा चित्रपट कापणारी. एका तासाच्या आसपासच्या चित्रपटात सतराशेहून अधिक तुकडे आहेत.

तिचीही सुरुवात बूथसारखीच. मॉस्कोत, पॅथे या फ्रेंच चित्रपट कंपनीच्या शाखेत, पोरवयात. फिल्म साफ करणं, निवडणं. १९२२ मध्ये व्हर्टोव, त्याचा भाऊ मिखाईल कॉफमन हा कॅमेरामन आणि ती अशा तिघांनी मिळून आपला गट काढला. निर्णय तिघांचे. नानांचा मुद्दा इथे लागूच होत नाही, कारण त्या चित्रपटाला संहिताच नाही. कॅमेरामन शहरं फिरून चित्रं घेऊन आला, आणि चित्रपट झाला तो या टेबलावर. पुढे १९४५ मध्ये ऑशविट्झवरचा माहितीपट स्विलोवानं केला. १९५४ ला व्हर्टोव, तिचा नवरा, वारला. त्यानंतर त्याचे कागद, लेख, टिपणं तिनंच जपली, नाहीतर आज आपण त्याच्याबद्दल बोलतही नसतो. नवऱ्याचं नाव प्रत्येक अभ्यासक्रमात, तिचं अजूनही तळटीपेत. मला याचा राग येतो आणि तो मी लपवत नाही.

बदामराणी

पिंगळा, आत्ता तो भाग पाहिला. पोरांच्या चेहऱ्यांचा. अंगावर काटा आला.

वाटसरू

मग सगळ्या बायकाच कशा? म्हणजे चांगलंच आहे, पण दिग्दर्शक पुरुष आणि कापणाऱ्या बायका ही वाटणी कशी झाली?

गोदाकाठ

पगार कमी द्यावा लागायचा म्हणून. दुसरं काय!

अबोली_के

पगार हे एक कारण आहेच. पण असंही आहे की लॅबमधलं जोडण्याचं, निवडण्याचं काम नाजूक हातांचं, शिवणकामासारखं, असं मालक समजायचे आणि मुली भरायचे. त्यात मान नव्हता, म्हणून तिथे त्यांना कुणी अडवलं नाही. मग त्याच लॅबमधून काही जणी वर सरकल्या. सगळेच संपादक बायका होत्या असं मात्र नाही. पुरुषही भरपूर होते.

डोरोथी आर्झ्नर बघा. १९१९ मध्ये संहिता टंकलिखित करायला लागली आणि काही वर्षांत संपादक. १९२२ चा रुडॉल्फ व्हॅलेंटिनोचा 'ब्लड अँड सँड'. बैलांच्या झुंजीची दृश्यं चित्रित करायला खर्च अफाट. तिनं खऱ्या झुंजीचं आधीच उपलब्ध असलेलं चित्रण घेतलं आणि त्यात व्हॅलेंटिनोचे जवळचे शॉट असे बसवले की तोच रिंगणात उतरलाय असं वाटावं. ते पाहून दिग्दर्शक जेम्स क्रूझनं तिला १९२३ च्या 'द कव्हर्ड वॅगन'साठी बोलावलं. मग तिनं स्टुडिओला ठणकावलं, दिग्दर्शन द्या, नाहीतर मी चालले. १९२७ मध्ये तिचा पहिला चित्रपट आला. नाना, जिनं कधीच न घडलेली झुंज टेबलावर घडवली ती 'सांगितलेल्या जागी' कापत होती का?

नाना_गिरगावकर

आर्झ्नर अपवाद म्हणून मान्य. स्विलोवाचं प्रकरणही वेगळं, तिथे पद्धतच वेगळी होती. पण अपवादांवरून सर्वसाधारण कटरची नोकरी कशी होती ते ठरत नाही. शेकडो मुली आयुष्यभर जोडतच राहिल्या असतील. त्यांचं करिअर कुठे घडलं?

मुळशीकर

नानांचा हा प्रश्न मला खरोखर महत्त्वाचा वाटतो. आपण वर पोचलेल्यांबद्दलच बोलतोय.

पिंगळा

बरोबर. पण त्या अनामिक मुलींच्या कामाबद्दल बोलायचं तर वर पोचलेल्यांच्याच साक्षी आहेत आपल्याकडे. पुरस्कारांचंही बघा ना. ऑस्करमध्ये संपादनाचा विभागच सुरू झाला १९३४ च्या चित्रपटांपासून. म्हणजे मूकपटांच्या एकाही संपादकाला मूकपटासाठी तो मिळणं शक्यच नव्हतं. दिग्दर्शक सेसिल डमिलचे चित्रपट अ‍ॅन बॉशेन्स मूकपटांपासून १९५६ च्या 'द टेन कमांडमेंट्स'पर्यंत कापत आली. तिला ऑस्कर मिळाला १९४० च्या चित्रपटासाठी, संपादनाचा तो मिळवणारी पहिली स्त्री म्हणून. पण हात तयार झाला होता मूकपटांतच.

फ्रीमाँटची_स्नेहा

उशिरा आले धाग्यावर. आमच्या इथे कॅलिफोर्नियात नाइल्समध्ये मूकपटांचं छोटं संग्रहालय आहे, चार्ली चॅप्लिननं जिथे काम केलं त्या एसने स्टुडिओच्या गावात. शनिवारी जिवंत पियानोच्या साथीनं मूकपट दाखवतात. मुलांना घेऊन जाते.

एक निरीक्षण लिहिते, चित्रपटातलं मला फार कळत नाही. पियानो वाजवणारा पडद्याकडे बघून वाजवतो. चांगला कापलेला मूकपट असला की त्याचे हात आपोआप लयीत पडतात, आणि गचाळ असला की त्याची धावपळ होते. म्हणजे चित्रातच ताल असतो का? आमच्याकडे तबला शिकवतात ते सर एकदा सोबत आले होते. ते बाहेर पडल्यावर म्हणाले, "सम कुठे येणार ते कळत होतं."

कातरवेळ

स्नेहाताई, तुमच्या प्रतिसादानं मला मूळ प्रश्नाकडे आणलं. बूथनं हेच सांगितलेलं आहे. मूकपट कापताना ती मनात आकडे मोजायची. सैनिकांची कूच असेल, किंवा ठेका असलेली कुठलीही हालचाल, तर एक-दोन-तीन-चार असं मोजत फिल्म हातातून ओढायची आणि ठराविक आकड्यावर कोन बदलायची. ध्वनी नाही, यंत्र नाही, चित्रपटगृहात संगीत कुठलं वाजणार ते माहीत नाही, कारण गावोगावचा वादक वेगळा. तरी ताल चित्रात बसलेला हवा. मुव्हियोला आल्यावर काचेतून बघतानाही ती मोजायचीच.

म्हणून नाना, तुमच्या 'अपवाद' या शब्दाशी मी सहमत नाही. हा ताल दिग्दर्शक सांगू शकत नाही. तो पट्टी ओढणाऱ्या हातातच तयार होतो. जी मुलगी आयुष्यभर जोडतच राहिली, तिच्या हातातही तो थोडा असणार. तिला संधी मिळाली नाही, ही गोष्ट वेगळी.

नाना_गिरगावकर

ताल हा मुद्दा वजनदार आहे. लहानपणी भजनी मंडळात टाळ धरलाय, त्यामुळे मोजल्याशिवाय ठेका टिकत नाही हे जाणतो. तरी माझं म्हणणं एवढंच राहील की स्टालनं ती संध्याकाळची जुळवणी पाहिली म्हणून मार्गारेट बूथ झाली. पाहणारा दिग्दर्शकही त्या करिअरचा भाग आहे. त्याला वगळू नका.

अबोली_के

वगळत नाही नाना. उलट मला वाटतं तुम्ही या धाग्यातली सगळ्यात उपयोगी गोष्ट सांगितलीत. स्टाल शेजारी उभं राहू द्यायचा. आज मी घरी एकटी लॅपटॉपवर कापते आणि दिग्दर्शक लिंकवर बघून सूचना पाठवतो. माझ्या हाताखालची मुलगी तिसऱ्याच शहरात. ती फायली लावून देते, पण मी काय टाकलं आणि का टाकलं हे तिला कधीच दिसत नाही. जोडणारी, मग सहायक, मग संपादक ही बूथची शिडी शेजारी उभं राहण्यानं चढता यायची.

रिळवाला

आमच्याकडेही तसंच. उस्तादांनी मला पहिलं वर्ष फक्त कचऱ्याची टोपली सांभाळायला दिली होती. कापून पडलेला प्रत्येक तुकडा उचलायचा, कुठला शॉट ते ओळखून चिठ्ठी लावून ठेवायचा, कारण उद्या एडिटर म्हणणार तो परत लाव. रागच यायचा तेव्हा. पण शॉट ओळखायला मी त्या टोपलीतच शिकलो. अबोली, तुझ्या त्या मुलीला टाकलेले टेक पाठव, आणि एक प्रसंग तिच्या मनानं जुळवायला सांग. तुझा कापलेला भाग तिला आधी दाखवू नकोस.

अबोली_के

पाठवते काका. एका मुलाखतीचे दोन तासांचे टाकलेले टेक आहेत माझ्याकडे, त्यापासूनच सुरुवात करू. आणि तिनं जुळवलेलं खरंच पूर्ण बघेन.

बदामराणी

काय झालं ते इथे नक्की लिही गं. आणि कातरवेळ, 'द मिस्टीरियस लेडी' कुठल्या प्रसंगापासून बघायला घेऊ, गार्बो पहिल्यांदा दिसते तिथून की सुरुवातीपासून?

कातरवेळ

सुरुवातीपासूनच बघ. आधी आवाज पूर्ण बंद करून, आणि जिथे शॉट बदलेल तिथे बोटानं टेबलावर टिचकी मारत. नंतर हवं तर संगीतासकट पुन्हा.